सह्याद्रीची धाकटी भावंडे

(ओलाया, रियाध येथील मराठी स्नेहमेळाव्यात दिलेल्या भाषणाचा मजकूर)



स्मरणिकेत छापता येईल असे काहीतरी मॉरिशसच्या डोंगरांविषयी बोला, आणि मुलांनाही कळेल असे बोला, अशी संयोजकांची सूचना आहे. मी भूगोल शिकवणारा माणूस, त्यामुळे विषय आवडीचा आहे. पण तयारी करताना लक्षात आले की आपल्या घरांत वरचेवर निघणारा एक प्रश्न या विषयाला येऊन मिळतो. तो प्रश्न म्हणजे, "आपण मूळचे कुठले?" ज्यांचे खापरपणजोबा करारावर अंगठा उठवून बोटीत बसले, त्यांच्या घरी पुष्कळदा गावाचे नाव उरलेले नसते. कुणाला एवढेच माहीत असते की आपण रत्नागिरीकडचे, कुणाला एवढेच की सातारकडचे. अशा वेळी डोंगर आपल्याला काही सांगू शकतात का, ते आज पाहू.

सुरुवात आपण बसलो आहोत तिथूनच करू. या भागाचे नाव ओलाया. अरबीत त्याचा अर्थ 'वरचा'. रियाध शहर समुद्रसपाटीपासून सुमारे ६०० मीटर उंचीवर आहे. समोर किंगडम सेंटरचा मनोरा दिसतो, त्याची उंची ३०२ मीटर. पोर्ट लुई शहराच्या पाठीशी सिग्नल माउंटन नावाचा डोंगर आहे, त्याची उंची ३२३ मीटर. म्हणजे हा मनोरा पोर्ट लुईच्या धक्क्यावर नेऊन उभा केला, तरी तो सिग्नल माउंटनच्या माथ्याला पोचणार नाही. आणि मॉरिशसच्या डोंगरांत सिग्नल माउंटन हा तर लहानच.

रियाधच्या पश्चिमेला तुवैक नावाची कड्यांची रांग आहे. ती सुमारे ८०० किलोमीटर लांब आहे. तिची पश्चिमेची बाजू एकदम तुटलेली आहे, आणि पूर्वेची बाजू हळूहळू उतरत आपल्याकडे येते. 'जगाचे टोक' म्हणून जी जागा पाहायला आपण सुटीच्या दिवशी जातो, ती याच कड्यावर आहे. तिथला दगड चुनखडीचा. पंधरा-सोळा कोटी वर्षांपूर्वी इथे उथळ समुद्र होता. त्याच्या तळाशी शिंपले, प्रवाळ आणि गाळ साचून हा दगड तयार झाला.

आणखी पश्चिमेला, तांबड्या समुद्राच्या काठाने, सरवात पर्वत उभा आहे. त्यातले अभा शहराजवळचे जबल सौदा हे शिखर ३,००० मीटरच्या आसपास उंच आहे. समुद्राच्या बाजूने या पर्वताची चढण अंगावर येते. जिद्दाहून ताइफला गाडीने गेलेल्यांना तिथला वळणावळणाचा घाट आठवत असेल. घाट चढून गेल्यावर मात्र पठार लागते, आणि ते पूर्वेकडे उतरत उतरत आखातापर्यंत जाते. समुद्र आणि पर्वत यांच्यामध्ये तिहामा नावाची सखल, दमट पट्टी आहे.

महाराष्ट्रातल्या मंडळींना हे चित्र ओळखीचे वाटेल. तिहामाच्या जागी कोकण ठेवा, सरवातच्या जागी सह्याद्री ठेवा, आणि नज्दच्या पठाराच्या जागी देश ठेवा. कारणही दोन्हीकडे एकाच जातीचे आहे. जमीन फाटली, फटीत समुद्र शिरला, आणि फाटलेली कड उंच राहिली. तांबडा समुद्र असा उघडला त्याला साधारण तीन कोटी वर्षे झाली. सह्याद्रीची कड त्याच्याही आधीची. त्या वेळी आजची सेशेल्स बेटे भारताच्या पश्चिम किनाऱ्यापासून सुटून दूर गेली. म्हणूनच महाबळेश्वरला उगम पावणारी कृष्णा अरबी समुद्र इतका जवळ असूनही त्याच्याकडे पाठ फिरवते आणि सुमारे १,४०० किलोमीटर वाहत बंगालच्या उपसागराला मिळते. उतार तिकडचा आहे.

सौदी अरेबियात काळा दगडही आहे. मदिनेच्या आसपास ज्वालामुखीच्या लाव्ह्याची मोठमोठी मैदाने आहेत, त्यांना 'हर्रा' म्हणतात. १२५६ साली तिथे उद्रेक झाला आणि लाव्ह्याचा लोट मदिना शहराच्या जवळपर्यंत आला होता. हा काळा दगड लक्षात ठेवा. मराठीत आपण त्याला काळा पाषाण, काळा कातळ म्हणतो, शास्त्रात त्याला बेसॉल्ट म्हणतात. इथून पुढची गोष्ट त्याचीच आहे.

सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी आजच्या महाराष्ट्राच्या जागी जमिनीला भेगा पडल्या आणि लाव्हा बाहेर आला. तो एका शंकूसारख्या डोंगरातून उसळला नाही, पुरासारखा पसरला. एक थर थंड झाला की त्यावर दुसरा, त्यावर तिसरा. असे करता करता थरांची जाडी काही ठिकाणी दोन हजार मीटरपर्यंत गेली. आजही या दगडाने सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर प्रदेश व्यापलेला आहे. सह्याद्रीचा कोणताही कडा दुरून पाहिला की आडव्या पट्ट्या दिसतात, पायऱ्या रचल्यासारख्या. त्या याच थरांच्या. पावसाने आणि नद्यांनी या थरांना लाखो वर्षे कापले, आणि उरले ते आपले डोंगर. त्यात कळसूबाई १,६४६ मीटर, साल्हेर १,५६७ मीटर, महाबळेश्वर १,४३८ मीटर, तोरणा १,४०३ मीटर. शिवाजी महाराजांचे किल्ले ज्या ताशीव कड्यांच्या आधाराने उभे राहिले, ते कडे म्हणजे या लाव्ह्याचेच थर होत.

आता हा लाव्हा आला कुठून? पृथ्वीच्या पोटात काही जागा अशा आहेत की जिथून अतितप्त द्रव्य सतत वर येत राहते. जागा बहुतांशी आपल्या ठिकाणी राहते आणि तिच्यावरून जमिनीचे थोर तुकडे सरकत जातात. मुलांनी असे समजावे की समई पेटलेली आहे आणि तिच्या ज्योतीवरून आपण एक कागद हळूहळू सरकवतो आहोत. कागदावर एकामागून एक काळे डाग पडत जातील. पहिला डाग ज्योतीपासून सर्वांत दूर गेलेला असेल आणि शेवटचा डाग अजून गरम असेल.

भारताखालचा कागद उत्तरेकडे सरकत गेला. पहिला आणि सर्वांत मोठा डाग म्हणजे दख्खनचा काळा दगड. त्यानंतर त्याच रेषेवर लक्षद्वीपचा समुद्रतळ, मालदीव, चागोस. पुढे सेंट ब्रँडनची प्रवाळबेटे ज्या बुडालेल्या उंचवट्यावर आहेत तो पट्टा. त्यानंतर मॉरिशस. आणि शेवटी रियुनियन, जिथला पितों द ला फुर्नेझ हा ज्वालामुखी आजही वरचेवर जागा होतो. ती समईची ज्योत आज रियुनियनखाली आहे. ज्या जागेतून सह्याद्रीचा दगड वर आला, त्याच जागेतून फार मागाहून मॉरिशस वर आले. मॉरिशस समुद्राच्या वर दिसू लागले त्याला ८० ते ९० लाख वर्षे झाली असे भूशास्त्रज्ञ मानतात. तेव्हा थोरला सह्याद्री, आणि मॉरिशसचे डोंगर त्याची धाकटी भावंडे, असे म्हणण्यात कविकल्पना नाही. तो दगडाचा वंशवृक्ष आहे.

इथे एक गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे. दगड एक होता म्हणून आपली माणसे तिकडे ओढली गेली, असे कुणी म्हणू नये. माणसे गेली ती ऊस लावायला मजूर हवे होते म्हणून, आणि घरी पोट भरत नव्हते म्हणून. मॉरिशसमध्ये १८३५ साली गुलामगिरी रद्द झाली. त्याच्या थोडे आधी, २ नोव्हेंबर १८३४ रोजी 'ॲटलास' जहाजाने ३६ मजूर पोर्ट लुईला उतरवले होते. करार पाच वर्षांचा आणि पगार महिना पाच रुपये. तेही डोंगरचेच लोक होते, छोटा नागपूरकडचे. त्या काळच्या इंग्रजी कागदांत त्यांना 'डोंगरी कुली' म्हटलेले आहे. पुढच्या काही दशकांत कलकत्ता, मद्रास आणि मुंबई या तीन बंदरांतून साडेचार लाखांच्या आसपास माणसे मॉरिशसला गेली. मुंबईच्या वाटेने गेले ते आपले पूर्वज.

त्यांना घर का सोडावे लागले, याच्या उत्तरात सह्याद्रीचा वाटा मोठा आहे. कोकणची पट्टी समुद्र आणि घाट यांच्यामध्ये चिमटलेली. पाऊस तीन हजार मिलिमीटर, पण उतार इतका की पाणी चार महिन्यांत समुद्राला मिळते आणि वैशाखात विहिरी तळाला जातात. माथ्यावर जांभा दगड, त्यावर पिकेल ते नाचणी आणि वरी. भाताची खाचरे थोडी, भावांत वाटली की आणखी थोडी. त्यात खोती पद्धत, म्हणजे पिकाचा मोठा वाटा खोताच्या घरी. घाटावर उलट अडचण. ढग सह्याद्रीला अडतात आणि पलीकडे कोरडे होऊन जातात. महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो, आणि त्याच सातारा जिल्ह्यातील माण तालुक्यात पाचशे मिलिमीटरच्या आसपास. एका बाजूला पाणी टिकत नाही, दुसऱ्या बाजूला पाणी येत नाही. दोन्हीकडचा कुणबी कर्ज काढून दिवस काढत होता. कोकणातला माणूस गलबतातून मुंबईला आला. घाटावरचा माणूस बैलगाडीने किंवा पायी बोरघाट उतरून आला. त्या घाटातून आगगाडी धावू लागली ती १८६३ साली.

याच ठिकाणी गाव शोधणाऱ्यांसाठी एक उपयोगाची माहिती सांगतो. मोका येथील महात्मा गांधी संस्थेत स्थलांतरितांची जुनी दप्तरे जपून ठेवलेली आहेत. त्यांत नाव, वडिलांचे नाव, वय, उंची, अंगावरची खूण, जिल्हा, परगणा, गाव असे रकाने असतात. लिहिणाऱ्याला मराठी येत नसे, त्यामुळे गावाचे नाव कानाला आले तसे उतरवलेले असते. त्या नोंदीत जिल्हा रत्नागिरी दिसला, तर तो जुना रत्नागिरी जिल्हा आहे हे ध्यानात ठेवा. आजचा सिंधुदुर्ग जिल्हा त्यातून १९८१ साली वेगळा झाला. म्हणजे तुमचे गाव मालवण किंवा कणकवली तालुक्यातही असू शकते. सातारा दिसला, तर आजच्या सांगली जिल्ह्याचा पुष्कळ भाग तेव्हा साताऱ्यातच होता. कोल्हापूर आणि सावंतवाडी ही संस्थाने होती. आणि घरात कुणी घाटाचे नाव सांगत असेल, आंबा घाट, फोंडा घाट, कुंभार्ली घाट, तर ती फार मोलाची खूण आहे. घाटाच्या नावावरून दोन गोष्टी कळतात. घाट उतरून कोणत्या तालुक्यात येतो आणि चढून कोणत्या तालुक्यात जातो. शोधाचे क्षेत्र शंभर गावांवरून दहा-वीस गावांवर येते.

आता मॉरिशसच्या डोंगरांकडे वळू. बेटाचे क्षेत्रफळ सुमारे १,८६५ चौरस किलोमीटर. मधोमध पठार आहे. ते ३०० मीटरपासून ६०० मीटरपर्यंत चढत जाते आणि त्यावर क्युरपीप, व्हाक्वा ही गावे वसलेली आहेत. या पठाराभोवती तुटक तुटक कड्यांचे कडे आहे, जुन्या वाड्याच्या पडक्या तटासारखे. १८३६ साली चार्ल्स डार्विन हा निसर्गशास्त्रज्ञ 'बीगल' जहाजातून मॉरिशसला आला आणि २ मे रोजी ल पूस हा डोंगर चढला. हे सर्व कडे एका प्रचंड ज्वालामुखीच्या पायाचे अवशेष असावेत, असा विचार त्याने मांडला. त्याच्या प्रवासवर्णनात रस्त्याच्या कामावर असलेल्या हिंदुस्थानी कैद्यांचाही उल्लेख येतो. पोर्ट लुईचे जुने रस्ते कुणाच्या हातांनी झाले, याची ती एक साक्ष आहे.

तटाचे तीन मुख्य तुकडे. पहिला मोका-पोर्ट लुई रांग, वायव्येला. त्यात ल पूस, उंची ८१२ मीटर. या फ्रेंच नावाचा अर्थ अंगठा, आणि डोंगर खरोखर उभ्या अंगठ्यासारखा दिसतो. त्याच रांगेत पीटर बोट, ८२० मीटर. त्याच्या माथ्यावर एक भला थोरला धोंडा डोके ठेवल्यासारखा बसलेला आहे. दुसरा तुकडा आग्नेयेला, ग्राँ पोरकडचा. तिथे लायन माउंटन ४८० मीटर, बसलेल्या सिंहासारखा. तिसरा तुकडा नैर्ऋत्येला, ब्लॅक रिव्हर आणि सावान भागातला. देशातले सर्वांत उंच शिखर याच भागात आहे. त्याचे नाव पितों द ला पतीत रिव्हिएर न्वार, उंची ८२८ मीटर. नाव लांब आहे, पण अर्थ सोपा, 'लहान काळ्या नदीचे शिखर'. त्याच्या अवतीभवतीचे जंगल १९९४ सालापासून राष्ट्रीय उद्यान म्हणून राखलेले आहे. याशिवाय रोझ हिल आणि कात्र बोर्नच्या डोक्यावर कोर द गार्द आहे, ७२० मीटर. पश्चिमेला त्र्वा मामेलची तीन टोके आहेत. आणि अगदी टोकाला समुद्रात पाय बुडवून ल मोर्न ब्राबाँ उभा आहे, ५५६ मीटर.

कळसूबाई चढलेल्याला हे आकडे लहान वाटतील. पण भावंडांची उंची मोजताना एक गोष्ट विसरू नये. कळसूबाईच्या पायथ्याचे बारी गाव आधीच पठारावर आहे. मॉरिशसचे कडे जवळजवळ समुद्रातून सरळ वर येतात. त्यामुळे बोटीतून पाहणाऱ्याला ते आकड्यांपेक्षा पुष्कळ उंच दिसतात. धक्क्यावर उतरलेल्या माणसाने मान वर करून पाहिली, तर समोर काळे, पट्ट्यापट्ट्यांचे कडे होते. आप्रवासी घाटाच्या पायऱ्या चढताना कुणाच्या मनात काय आले, हे कुणी लिहून ठेवलेले नाही. मी त्यांच्या तोंडी शब्द घालणार नाही. एवढेच सांगतो की रत्नागिरी-साताऱ्याच्या माणसाला त्या दिवशी जे अनोळखी होते, त्यात भाषा होती, अन्न होते, मालक होता. दगड त्यात नव्हता.

पाऊस मात्र उलटा होता. सह्याद्रीवर पाऊस नैर्ऋत्येकडून येतो, म्हणून पश्चिमेचे कोकण ओले आणि पूर्वेचा देश कोरडा. मॉरिशसवर वर्षभर आग्नेयेचे वारे वाहतात. ते पूर्वेच्या उतारावर आणि मधल्या पठारावर पाऊस टाकतात आणि पश्चिमेला कोरडे होऊन उतरतात. पठारावर काही ठिकाणी वर्षाला ४,००० मिलिमीटरपर्यंत पाऊस पडतो, आणि पश्चिम किनाऱ्यावर ९०० मिलिमीटरच्या आसपास. तामारिनला मिठागरे होती ती या कोरड्या उन्हाच्या जोरावर. म्हणजे ब्लॅक रिव्हर भागात, कास्काव्हेलसारख्या गावांत ज्या मराठी कुटुंबांनी घरे केली, ती समुद्र पश्चिमेला असूनही पर्जन्यछायेत राहिली. कोकणी माणसाच्या अनुभवाच्या हे नेमके विरुद्ध. ऋतूही उलटे. आषाढ-श्रावणात तिकडे थंडी असते. सणवार मात्र पंचांगाप्रमाणे चालू राहिले. गणेशचतुर्थीला मॉरिशसमध्ये आज सार्वजनिक सुटी असते, हे इथल्या महाराष्ट्रातील मंडळींपैकी कित्येकांना माहीत नसेल.

आता नावांकडे या. पीटर बोट हा डच अधिकारी, १६१५ साली मॉरिशसजवळ जहाज फुटून बुडाला. त्याचे नाव डोंगराला आहे. कोर द गार्द म्हणजे पहाऱ्याची चौकी. सिग्नल माउंटन म्हणजे जहाजांना खुणा करण्याची जागा. डच, फ्रेंच, इंग्रज, जो आला त्याने आपल्या कामाचे किंवा आपल्या माणसाचे नाव दिले. ज्यांनी त्या डोंगरांच्या पायथ्याशी पिढ्यानपिढ्या घाम गाळला, त्यांची नावे नकाशावर आली नाहीत.

तरीही लोकांनी डोंगर आपलेसे केले. भोजपुरी बोलणाऱ्यांनी पीटर बोटला 'मुडिया पहाड' म्हटले, त्या डोक्यासारख्या धोंड्यावरून. त्याच धोंड्याची एक गोष्टही घराघरांत सांगतात. एका गवळ्याने पऱ्यांचा नाच पाहिला, कुणाला सांगणार नाही असे वचन दिले, ते मोडले आणि तो दगड झाला. कोर द गार्दच्या उतारावर तमिळ बांधवांचे मुरुगनाचे देऊळ आहे आणि कावडीच्या दिवशी तिथे हजारो माणसे चढतात. सावानच्या डोंगरात एका जुन्या ज्वालामुखीच्या मुखात पाणी साचून तळे झाले आहे, तेच गंगा तलाव. महाशिवरात्रीला सारे बेट पायी तिकडे जाते. ल मोर्न तर पळून आलेल्या गुलामांचा आसरा होता. गुलामगिरी संपल्याचे सांगायला शिपाई आले, ते पकडायला आले असे समजून माणसांनी कड्यावरून उड्या घेतल्या, अशी तिथली परंपरागत कथा आहे. आप्रवासी घाटाला २००६ साली आणि ल मोर्नला २००८ साली जागतिक वारसा म्हणून मान्यता मिळाली. एक जागा आपल्या पूर्वजांची, दुसरी आपल्याआधी त्याच मळ्यांत राबलेल्यांची. मुलांना दोन्ही दाखवल्या पाहिजेत. एक सांगून दुसरी गाळली, तर इतिहास अर्धा राहतो.

आणि आता शेवटचा डोंगर. तो कोणत्याही उंचीच्या यादीत सापडणार नाही. मॉरिशसच्या उसाच्या मळ्यांत काळ्या दगडांचे ढीग दिसतात. काही नुसते बांध, तर काही पायऱ्यापायऱ्यांनी रचलेले, मनोऱ्यासारखे. बेटावर नंतरच्या काळात पुन्हा लाव्हा पसरला होता आणि त्या जमिनीत धोंडेच धोंडे होते. ऊस लावायचा तर ते काढणे भाग होते. आधी गुलामांनी, मग करारबद्ध मजुरांनी ते एकेक करून उपसले, डोक्यावरून वाहिले आणि शेताच्या मध्ये किंवा कडेला रचून ठेवले. आपल्या गावी शेतातले धोंडे वेचून ताल घालण्याची, बांध रचण्याची सवय असलेले हात तिथेही तेच काम करत होते. फरक इतकाच की ही जमीन त्यांची नव्हती.

पितों द ला पतीत रिव्हिएर न्वार निसर्गाने उभा केला. हे ढीग माणसांनी उभे केले. आणि त्या माणसांत आपली माणसे होती. या ढिगांना नाव नाही, पाटी नाही. यंत्राने ऊस तोडायचा तर शेत सपाट आणि मोकळे लागते, म्हणून गेल्या काही दशकांत पुष्कळ ढीग यंत्रांनी उचलले गेले. दगड फोडून खडी झाली, रस्त्यात आणि घरांत गेली. हे थांबवा असे मी सांगत नाही. शेतकऱ्याला शेती करायची आहे. पण जो ढीग उद्या जाणार आहे, त्याचे आज एक छायाचित्र घेता येते. तो कोणत्या मळ्यात होता, त्या मळ्यावर कोण राबत होते, हे घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारून लिहून ठेवता येते. डोंगर लाखो वर्षे राहतात. आजी-आजोबांची आठवण तितकी राहत नाही.

म्हणून माझी तीन कामांची विनंती आहे. पहिले काम मुलांसाठी. सुटीत मॉरिशसला गेलात की ल पूसवर चढा. वाट अवघड नाही, मोठ्या माणसांबरोबर सहज जाता येते. माथ्यावरून एका बाजूला पोर्ट लुईचे बंदर दिसते आणि दुसऱ्या बाजूला मोकाचे पठार आणि उसाचे मळे. बोटीतून उतरलेला माणूस कुठून कुठे गेला, हे तिथे उभे राहिल्यावर एका नजरेत समजते. आणि महाराष्ट्रात गेलात, तर एखाद्या घाटाच्या माथ्यावर थांबून खाली कोकणाकडे पाहा. दोन्ही ठिकाणचा एकेक खडा हातात घेऊन पाहा. रंग, वजन, बारीक छिद्रे, सगळे ओळखीचे वाटेल. खडा मात्र जागच्या जागी ठेवून या.

दुसरे काम मोठ्यांसाठी. तुमच्या घरात एखाद्या डोंगराला, टेकडीला, ओढ्याला मराठी नाव असेल, आजी एखाद्या कड्याला वेगळ्याच नावाने हाक मारत असेल, तर ते नाव या मंडळाकडे लिहून पाठवा. भोजपुरी 'मुडिया पहाड' टिकला, कारण कुणीतरी तो लिहिला. आपली नावे कुणी लिहिली नाहीत, तर ती नव्हतीच असे पुढची पिढी समजेल.

तिसरे काम महाराष्ट्रातल्या मंडळींसाठी. इथे रियाधमध्ये मॉरिशसचे मराठी भाऊबंद भेटले की आपण पटकन विचारतो, "तुमचे गाव कोणते?" त्यांना उत्तर देता आले नाही तर आपण गप्प होतो आणि तेही संकोचतात. त्याऐवजी असे विचारावे, "तुमच्या घरी कोणत्या घाटाचे, कोणत्या देवाचे, कोणत्या डोंगराचे नाव निघते?" ज्योतिबा म्हणाले तर कोल्हापूरची वाट, खंडोबाची पाल म्हणाले तर साताऱ्याची. गावाचा कागद हरवला असेल, पण कुलदैवताचा डोंगर पुष्कळ घरांत अजून जिवंत आहे. तुम्ही त्या मुलखातले असाल, तर पुढचा शोध तुम्ही घेऊ शकता. त्या गावी तुमचे पाहुणे असतील, तलाठ्याकडचा जुना उतारा पाहता येईल, देवळातल्या पुजाऱ्याला विचारता येईल. बोटीने गेलेल्यांनी दीड-पावणेदोनशे वर्षे आपली बाजू सांभाळली, मराठी सांभाळली, गणपती सांभाळला. घाटाच्या या बाजूचे काम आपले आहे.

आपण मूळचे कुठले, या प्रश्नाचे पूर्ण उत्तर डोंगर देत नाहीत. ते दिशा देतात, आणि शोधायला निघालेल्याला दिशा पुरते.